चाळीस वर्षांची स्वतःची माहिती

सव्विसाव्या वर्षी मी कोर्टात शपथेवर लिहून दिलं की, गेली चाळीस वर्षं मी एक बोळ रोज पाहत आलो आहे. त्याच कागदात पुढे असंही होतं की, माझा मुलगा याच बोळात चालायला शिकला. माझं तेव्हा लग्न झालेलं नव्हतं.

एवढं सांगितलं की लोक हसतात. मीही ही गोष्ट हसवायलाच सांगत आलो आहे. शाळेत, लग्नाच्या पंगतीत, एकदा तर सासरी नवा जावई म्हणून गेलो तेव्हासुद्धा. सगळी सांगितली असं मात्र फार कमी वेळा झालं. हशा आला की मी थांबतो. इथं थांबायची सोय नाही, म्हणून पुढचं लिहितो.

आमचं घर जुन्या नागपुरात, विणकरांच्या वस्तीत. आम्ही विणकर नव्हतो. वडील रेल्वेच्या पार्सल ऑफिसात होते आणि घर स्वस्त मिळालं म्हणून लग्नाआधीच तिथे येऊन राहिले होते. आमच्या शेजारी एका विणकराचं घर, आणि दोन्ही घरांच्या बाजूनं रस्त्यापर्यंत जाणारा एक लांब, सरळ बोळ. हातमागावर लुगडं विणायचं तर आधी ताण्याचं सूत लांबच्या लांब पसरून त्याला खळ लावावी लागते, कुंच्यानं सारखी करावी लागते, वाळवावी लागते. घरात तेवढी लांबी कुणाकडे असते? म्हणून सकाळी ऊन तापायच्या आत तो बोळ सुताचा व्हायचा. बांबूच्या घोड्यांवर या टोकापासून त्या टोकापर्यंत सूत, आणि त्या आंबूस खळीचा वास. आम्ही भिंतीला पाठ घासत आडवे चालायचो. मला आठवतं तेव्हापासून मला एकच ताकीद होती : पडलास तरी चालेल, सुताला हात लावायचा नाही.

मी मास्तर होईपर्यंत त्या घरातला म्हातारा विणकर गेला होता, त्याचा मुलगाही गेला होता. मागे राहिली मुलाची बायको, तिची लहान मुलगी आणि एक माग. मी तिला वहिनी म्हणायचो. ती एकटी विणायची. सूत पसरायला शेजारच्या दोन बाया यायच्या आणि निवृत्त झाल्यापासून माझे वडील. रेल्वेची पार्सलं बांधून त्यांच्या हाताला जो ताण कळला होता तो इथे उपयोगी पडत होता, असं त्यांचं म्हणणं.

मग बोळाच्या तोंडाचं पुढलं घर विकलं गेलं. नवा मालक सभ्य माणूस होता. नमस्कार केल्याशिवाय बोलायचा नाही. नमस्कार करूनच त्यानं सांगितलं की बोळ त्याच्या खरेदीत आला आहे आणि तो भिंत घालून तो बंद करणार. विटा येऊन पडल्या. वहिनीनं दावा लावला.

तिचा वकील तरुण होता, हुशार होता आणि एकाच वेळी तीन कोर्टांत असायचा. त्यानं आमच्या ओट्यावर बसून समजावलं. दाव्याचा निकाल लागायचा तेव्हा लागेल, आज पाहिजे तो मनाई हुकूम. भिंतीची पहिली वीट बसायच्या आत. त्यासाठी वहिवाट दाखवायला हवी, वीस वर्षांच्या वरची. वहिनी लग्न होऊन आली त्याला वीस वर्षं झालेली नव्हती. ती तिच्या डोळ्यांनी पाहिलेलं तेवढंच शपथेवर सांगू शकत होती. बाकीचे शेजारी एक तर नवे, नाही तर त्या पुढल्या घराचेच भाडेकरू.

"जुनं पाहिलेला माणूस पाहिजे," वकील म्हणाला.

वडिलांनी पान थुंकून तोंड रिकामं केलं आणि म्हणाले, "मी काय मेलो का गा?"

ते बोलत गेले, वकील लिहीत गेला. वहिनीच्या सासऱ्यानं पहिला ताणा कधी लावला, बोळात तेव्हा निंबाचं झाड कुठं होतं, कोणत्या उन्हाळ्यात ते पडलं, आणि आपला पोरगा घोड्याच्या बांबूला धरून याच बोळात कसा चालायला लागला. वकिलानं तेही लिहून घेतलं. अशा बारीक गोष्टींनी कागद खरा वाटतो, म्हणाला. वहिनी दारात उभी राहून ऐकत होती. "काकाजी," ती म्हणाली, "एवढं त मलेही कुणी सांगतलं नव्हतं."

तारखेच्या दिवशी सकाळी वडील तयार होऊन ओट्यावर बसले. काळा कोट, काळी टोपी, उन्हाळ्याचे दिवस. त्यांना दम्याचा त्रास होता आणि त्या आठवड्यात तो फार वाढला होता. बोलताना मधेच शब्द सोडून द्यायचे आणि हातानं 'थांब' म्हणायचे.

"रिक्षा आणली का गा?"

"तुम्ही कायले येता बाबा? मी जातो ना."

"तुले काय माहीत?"

"हजार वेळा त ऐकलं. तुमच्यापेक्षा मले जास्त पाठ आहे."

"पाठ असणं अलग," ते म्हणाले आणि हातानं थांब म्हणाले. मी थांबलो नाही. वाक्य पुरं व्हायच्या आत सायकलवर टांग टाकली होती.

वडिलांची काळजी होती हे खरं. पण चारचौघांत उभं राहून बोलायला मिळणार, कोर्टात, मास्तर म्हणून, वहिनीच्या बाजूनं, याचीही गोडी होती. ती किती होती ते मी मोजायला जात नाही.

आणखी एक गोष्ट सांगायला हवी, ती आमच्याकडची रीतच आहे. आमच्या घरांतून बाप पाहतो आणि मुलगा सांगतो. 'आम्ही चाळीस वर्षांपासून इथं आहो' असं पाळण्यातलं पोरही म्हणू शकतं आणि कुणी त्याला खोटं पाडत नाही. बापाचं पाहणं शेतासारखं, घरासारखं मुलाकडे येतं. कोर्टात तसं येत नाही, हे मला ठाऊक नव्हतं.

कोर्टाच्या आवारात झाडाखाली टायपिंगवाले बसलेले. वकील आत कुठल्याशा दुसऱ्या प्रकरणात अडकलेला. त्याचा मुन्शी मला पाहून म्हणाला, "वडील नाही आले?"

"मी आलो आहे."

"मग नाव बदला, वय बदला, धंदा बदला."

"आणि बाकीचं?"

"बाकीचं तेच ना मास्तर. बोळ त तोच आहे."

मला ते अगदी पटलं. टायपिंगवाल्यानं पहिलं पान नवं केलं : माझं नाव, वय वर्षे सव्वीस, धंदा शिक्षक. पुढची पानं वडिलांची तशीच जोडली. आणि आता ऐका. मी ती पानं वाचली. नुसती वाचली नाहीत, लाल नाही तरी निळं पेन काढून शुद्धलेखन तपासलं. चार ठिकाणी वेलांट्या दुरुस्त केल्या, एका ठिकाणी अनुस्वार दिला, 'पाहत आलो आहे' याच्या पुढे पूर्णविराम नव्हता तो दिला. 'माझा मुलगा' या शब्दांवरूनही माझं पेन गेलं. वाक्य शुद्ध होतं, म्हणून पुढे गेलं. शेवटी खाली सत्यापन होतं : वरील संपूर्ण मजकूर माझ्या स्वतःच्या माहितीप्रमाणे खरा आहे. त्याखाली मी सही केली, शाळेच्या दाखल्यावर करतो तशी, शेपटी काढून.

शपथ देणाऱ्या अधिकाऱ्यासमोर मुन्शीनं मला ओळखलं, म्हणजे हाच तो इसम असं सांगितलं. अधिकाऱ्यानं मान वर न करता विचारलं, "वाचलं? समजलं? खरं आहे?"

"नुसतं वाचलं नाही साहेब, तपासलं आहे," मी म्हणालो. त्यानं मान वर केली, माझ्याकडे पाहिलं आणि शिक्का मारला.

दुपारी पुकारा झाला. वहिनी मागच्या बाकावर, मुलीला मांडीवर घेऊन. आमचा वकील धावत आला, कागद न पाहताच पुढे ठेवला आणि चांगलं बोलला. मग समोरचा वकील उठला. वयस्कर, सावकाश बोलणारा. त्यानं अर्ज केला की प्रतिज्ञापत्र करणारे गृहस्थ हजर आहेत, तर त्यांना दोन प्रश्न विचारू द्यावेत. न्यायाधीशांनी परवानगी दिली. मी कोटाची बटणं लावून उभा राहिलो. मला वाटलं, आता आपली वेळ आली. ती आलीच होती.

"मास्तर, कागद तुम्ही स्वतः वाचला?"

"हो."

"या दुरुस्त्या तुमच्या हातच्या?"

"हो. बऱ्याच अशुद्ध होत्या."

"दुरुस्तीपाशी तुमची आद्याक्षरं नाहीत, अधिकाऱ्याचीही नाहीत. ते राहू द्या. वय किती तुमचं?"

"सव्वीस."

"आणि बोळ किती वर्षांपासून पाहता?"

 वाक्य मला पाठ होतं. पूर्णविरामासकट.

"चिरंजीव आता कितवीत आहेत?" त्यानं विचारलं.

सगळं कोर्ट हसलं. पट्टेवालाही हसला. आमच्या वकिलानं कागद ओढून घेतला, वाचला आणि खाली बसला. मागच्या बाकावर वहिनीची मुलगी, सगळे हसतात म्हणून, हसत होती.

न्यायाधीश हसले नाहीत. ते मला जवळजवळ समजावत होते. "मास्तर, हे वडिलांकडून ऐकलं, वडील अमुक वर्षांपासून तिथे राहतात, त्यांनी सांगितलं म्हणून मी ते खरं मानतो, एवढं लिहिलं असतं तर अशा तात्पुरत्या अर्जापुरतं मी ते पाहिलं असतं. तुम्ही सगळंच स्वतःच्या माहितीचं म्हणता. आता यातलं कोणतं तुम्ही पाहिलं आणि कोणतं नाही, हे मी कसं ओळखू?"

मी म्हणालो, "साहेब, मी लहानपणापासून पाहिलं आहे. ते खरं आहे."

"असेल," ते म्हणाले. "पण ते कागदात नाही."

अर्ज नामंजूर झाला.

व्हरांड्यात वकील माझ्यावर ओरडला नाही. ओरडला असता तर बरं झालं असतं. त्यानं बोटानं हवेत परिच्छेद मोजल्यासारखं करून सांगितलं, "इथून इथवर स्वतःचं, इथून पुढे ऐकीव, कोणाकडून ऐकलं ते नाव. एक ओळ लागली असती, मास्तर. आणि वडिलांना आणवत नव्हतं तर घरी माणूस पाठवून शपथ घेतात. अर्ज करावा लागतो फक्त. मला सांगायचं होतं."

वहिनीला यातलं काही कळलं नव्हतं. ती एकदा त्याच्याकडे, एकदा माझ्याकडे पाहत होती. "म्हणजे आता भिंत होईन?" तिनं विचारलं. आम्ही दोघं सुशिक्षित माणसं. वकील पुढच्या कोर्टाकडे निघाला, मी सायकल काढायला गेलो.

घरी वडील अजून कोट घालून बसले होते. मी कागदाची नक्कल त्यांच्या हातात दिली. त्यांनी चष्मा लावून सगळी वाचली. मला शिव्यांची अपेक्षा होती. आमच्या वडिलांच्या शिव्या ऐकायला शेजारचे थांबत. ते म्हणाले, "माझा मुलगा चालायला शिकला, हे मी तुह्याबद्दल सांगतलं होतं." आणि कोट काढायला लागले. बाही अडकली. मी मदत करायला गेलो तर हातानं थांब म्हणाले. त्या वेळी थांबलो.

भिंत लगेच झाली. मालकानं गवंड्यांना आमच्या ओट्याकडे धूळ उडू देऊ नका म्हणून बजावलं होतं, इतका सभ्य. वहिनी काही दिवस दुसऱ्या गल्लीत सूत पसरायला न्यायची. तिथे सायकली, ढोरं, पोरं. दोन ताणे तुटले. वकिलानं वरच्या कोर्टात अपील केलं आणि म्हणाला, वडिलांचं प्रतिज्ञापत्र नीट करून लावू, या वेळी घरी माणूस आणतो. त्या तयारीत असतानाच वडिलांना झटका आला. उजवी बाजू गेली आणि बोलणं गेलं.

तरी माणूस आला. चांगला माणूस होता, चप्पल बाहेर काढून आत आला. खाटेजवळ बसून त्यानं सगळा मजकूर मोठ्यानं वाचला, प्रत्येक परिच्छेदानंतर थांबून. "बाबा, हे खरं आहे? समजलं असेल तर मान हलवा." वडिलांची मान हलायची, पण ती तशी सारखीच हलत होती. ते डाव्या हातानं खिडकीकडे दाखवायचे. खिडकीबाहेर आता नवी भिंत होती. ते दाखवत राहिले, घशातून आवाज काढत राहिले. वहिनी म्हणाली, "साहेब, काकाजी बोळ दाखवून राहिले." मीही तेच म्हणालो, पण माझ्या म्हणण्याला आता काय किंमत?

 मग त्या माणसानं पेनला टोपण लावलं. "समजून, ऐकून शपथ घेतली असं मला खाली माझ्या सहीनं लिहावं लागतं," तो म्हणाला. "मला दिसलं तेवढंच मी लिहू शकतो. मी कसं लिहू?" जाताना त्यानं वडिलांना नमस्कार केला. सगळं पाहिलेला एकच माणूस शिल्लक होता, त्याला सगळं कळत होतं, आणि त्याच्या पाहण्यातलं एक अक्षर आता कुणाच्या कामाचं नव्हतं.

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी आमच्याकडे मारबत निघते, म्हणजे वस्तीची इडापिडा घेऊन जाणाऱ्या बाईच्या पुतळ्याची मिरवणूक. पिवळी, काळी, आणि त्यांच्यासोबत पोरांनी केलेले कागदा-चिंध्यांचे बडगे. ज्याच्यावर वस्तीचा राग असेल त्याचा बडग्या. त्या वर्षी आमच्या गल्लीतल्या पोरांनी एक काढला. चष्मा, कोट, हातात छडी, आणि पोटाला बांधलेलं चिंध्यांचं बाळ. "खोट्या मास्तरले घेऊन जा गे मारबत," पोरं ओरडत होती. त्यांच्यातली निम्मी माझ्याच वर्गातली. मी वडिलांना उशी देऊन खिडकीशी बसवलं होतं. त्यांनी तो बडग्या पाहिला आणि त्यांचं तोंड डाव्या बाजूनं उघडलं. हसले असावेत. मी तसंच समजलो. शपथेवर सांगणार नाही.

दिवाळीच्या आत ते गेले. अपील त्याआधीच गेलं होतं. दावा तेवढा चालत राहिला, तारखांवर तारखा. मग वहिनीनं जाणं सोडलं.

ती पुढे एका पॉवरलूमच्या शेडमध्ये सुताच्या कांड्या भरायला जाऊ लागली. मुलगी मोठी झाली. मी लग्न केलं, मला खरंच मुलगा झाला. तो घरातल्या फरशीवर चालायला शिकला. आणि मी ही गोष्ट सांगतच राहिलो. सांगता सांगता ती चांगली होत गेली. वकिलाचा 'चिरंजीव कितवीत' हा प्रश्न कुठं थांबून विचारायचा ते मला जमलं. मग हसून झालेल्या लोकांना एकदम गप्प करायला मी शेवटी एक प्रसंग घालू लागलो. वहिनीचा माग घराबाहेर काढला तो दिवस.

वहिनीच्या मुलीचं लग्न झालं त्या दिवशी पंगतीत कुणीतरी म्हणालं, "मास्तर, ते बाळाचं होऊन जाऊ द्या." मी सुरू झालो. हसले सगळे. मग आवाज उतरवून मी म्हणालो, "अन् मग तो दिवस आला. दारातून माग निघेना. चौकट आडवी येत होती. चार माणसं लागली होती. वहिनी पुढं, हातात खुंट्या. मागाचा तो लांब सागाचा तुळवट बाहेर आला तेव्हा त्याला अजून सूत लटकलेलं होतं, आणि बोळाच्या भिंतीपाशी येऊन तो असा अडकला, वळेचना. मी ओट्यावर उभा राहून पाहत होतो. माझ्या डोळ्यांत…"

वहिनी बुंदीची बालटी घेऊन पंगतीत वाढत होती. माझ्यासमोर येऊन थांबली. तिनं आधी बुंदी वाढली, मग बालटी खाली ठेवली.

"काहून खोटं सांगता मास्तर," ती म्हणाली. "तुम्ही नव्हते तिथं. दार लावून घरात बसले होते. माग उचलाले एक माणूस कमी पडून राहिला होता, म्हणून मीच आली होती तुमची कडी वाजवाले."